‘मॅडम, तुम्ही स्वतःच घसरलात ना?’

इन्शुरन्स कंपनीच्या वकिलांनी इतक्या गोड आवाजात विचारलं, की क्षणभर मलाच डाउट आला. शिवाजीनगर कोर्ट, मोटार अपघात दावा न्यायाधिकरण आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्यात चक्क मी!

झालं होतं असं. ऑगस्ट २०२३मध्ये कर्वे रोडवर एका कारने इंडिकेटर न देता डावीकडे घेतलं आणि मी स्कूटरसकट आडवी. उजवं मनगट तीन ठिकाणी मोडलं. मैत्रिणीने हॉस्पिटलमध्ये नेलं. कॅज्युअल्टीत कुणीतरी विचारलं, ‘काय झालं?’ ती बिचारी घाबरलेली. म्हणाली, ‘गाडीवरून पडली.’ बस्स, केसपेपरवर तेवढंच उतरलं. कारचा पत्ताच नाही! त्यात ऑपरेशनच्या गडबडीत एफआयआर पाच दिवसांनी झाला. उलटतपासणीच्या दिवशी वकीलसाहेबांच्या हातात नेमका तोच केसपेपर.

मला वाटलं, संपलं सगळं. पण इथे फौजदारी खटल्यासारखं ‘संशयापलीकडे’ काही सिद्ध करावं लागत नाही. कुणाचं म्हणणं जास्त संभवतं, एवढंच तोललं जातं. फक्त एफआयआरला उशीर झाला म्हणून दावा नाकारू नये, असं सुप्रीम कोर्टाने २०११मध्येच म्हटलंय. अर्थात उशिराचं कारण पटायला हवं आणि बाकीचे कागद एकमेकांशी जुळायला हवेत. माझ्या मदतीला आला तो पंचनामा. कारच्या डाव्या बंपरवर माझ्या स्कूटरचा लाल रंग! हवालदारांनी लिहिलेली ती एक ओळ माझ्या अख्ख्या साक्षीपेक्षा भारी होती. शिवाय कारचा ड्रायव्हर साक्षीला आलाच नाही, आणि त्यातूनही न्यायाधिकरण अर्थ काढू शकतं.

(जाता जाता : १ एप्रिल २०२२पासून लागू झालेल्या दुरुस्तीने दाव्याला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घातली. तिला सुप्रीम कोर्टात आव्हान दिलं गेलंय, पण तुम्ही कशाला रिस्क घेता?)

खरी पंचाईत पुढे होती. ‘महिन्याचं उत्पन्न?’ तीस हजार, मी म्हणाले. ‘पुरावा?’ तुमच्याकडे सॅलरी स्लिप असते, फॉर्म १६ असतो, एचआरचा माणूस येऊन साक्ष देतो. फ्रीलान्सरकडे काय? टॅक्स लागत नाही म्हणून मी कधी रिटर्नच भरलं नव्हतं, आणि अपघातानंतर घाईघाईने भरलेल्या रिटर्नकडे सगळेच तिरक्या नजरेने बघतात. शेवटी बँक स्टेटमेंट, मानधनाच्या पावत्या आणि एडिटर मंडळींच्या ईमेल्सचे प्रिंटआउट्स असं गाठोडं दाखल केलं.

मग डॉक्टर आले. नुसता अपंगत्वाचा दाखला जोडून भागत नाही. उपचार केलेल्या किंवा तपासलेल्या डॉक्टरांनी येऊन सांगावं लागतं. तरी दाखल्यावरचा टक्का म्हणजे कमाईतलं नुकसान नव्हे. सुप्रीम कोर्टाच्या २०१०च्या आणखी एका निकालातलं उदाहरण मस्त आहे : डावा हात गेला तर सुताराची कमाई जवळजवळ पूर्ण बुडू शकते, सरकारी क्लार्कची तशी बुडत नाही.

मग मी कोण, सुतार की क्लार्क? माझे वकील म्हणतात नुकसान २० टक्के, समोरचे म्हणतात फार तर १०. अपघाताच्या वेळी मी २६ वर्षांची. २००९च्या ‘सरला वर्मा’ निकालातल्या तक्त्यात २६ ते ३० वयाला गुणक १७. महिन्याला तीस हजार धरले, तर २० टक्क्यांचे होतात १२ लाख २४ हजार आणि १० टक्क्यांचे ६ लाख १२ हजार. म्हणजे भांडण सहा लाखांचं, तेही मनगट किती वळतं यावरून!

‘लेखन डोक्याने करतात, हाताने नाही,’ इति समोरचे वकील. कोर्टात हशा. मीही हसले, खोटं कशाला बोलू.

‘आणि तुम्ही आजही लेख लिहिता ना?’

लिहिते. हासुद्धा अर्धा डाव्या हाताने टाइप केलाय, अर्धा फोनला सांगून. पुढच्या तारखेला बहुतेक तेच याची झेरॉक्स घेऊन येतील.