कुंडलिकेवरचे राफ्टिंग

राफ्टिंगसाठी नदीला उतार, पात्रात खडक आणि भरपूर वाहते पाणी लागते. वाशीम जिल्ह्यातल्या पैनगंगा, अडाण, अरुणावती या नद्या पावसाच्या भरवशावर वाहतात आणि उन्हाळ्यात रोडावतात. त्यामुळे वाशीमच्या पर्यटकालाही राफ्टिंगसाठी रायगड जिल्ह्यातले कोलाड गाठावे लागते.

तिथली कुंडलिका पावसाळा सरल्यावरही उसळते, ती सह्याद्रीपलीकडच्या पाण्यामुळे. मुळशी धरणाचे पाणी घाट उतरून भिऱ्याच्या वीजगृहात येते आणि वीज तयार झाली की कुंडलिकेत सुटते. हे केंद्र १९२७ मध्ये सुरू झाले. भीमेकडे जाणारे पाणी असे कोकणात वळले. धरणात मावळातल्या शेतकऱ्यांच्या जमिनी बुडाल्या, त्याविरुद्ध सेनापती बापटांनी सत्याग्रह केला. या लाटांवर स्वार होणाऱ्याने तो इतिहास जाणून घ्यायलाच हवा.

पाणी सुटण्याची वेळ साधायची म्हणून सहली सकाळीच निघतात. हवा भरलेल्या रबरी राफ्टमध्ये मागे गाइड बसतो. त्याच्या हुकमावर सगळ्यांनी एकदम वल्ही मारायची. लाइफ जॅकेट आणि हेल्मेट सक्तीचे. कोणी पाण्यात पडलेच, तर उताणे तरंगावे आणि पाय प्रवाहाच्या दिशेने पुढे ठेवावेत, म्हणजे खडकाचा धक्का डोक्याला बसत नाही. उभे राहण्याची धडपड धोक्याची. पाय दगडांत अडकतो.

भरपेट जेवण राफ्टिंगनंतरच घ्यावे. काठावरच्या तळांवर भात, आमटी, भाजी, भाकरी आणि मांसाहाऱ्यांसाठी कोंबडीचा रस्सा असा साधा बेत असतो.