दोन पियानो, एक नाव

बिस्मिल्ला खाँसाहेबांची सनई आणि व्ही. जी. जोगांचे व्हायोलिन यांची जुगलबंदी ज्यांनी ऐकली आहे, त्यांना तीतला खरा आनंद कोठे असतो हे सांगावयास नको. वाद्ये निराळी, माणसे निराळी. एकाने टाकलेली जागा दुसऱ्याने उचलावी, तिला आपले वळण देऊन परत करावी, आणि श्रोत्याने मनातल्या मनात गुण देत बसावे. अमेरिकेतील आर्थर फेरांटे आणि लू टायशर या पियानोवादकांच्या जोडीने मात्र सारी हयात नेमक्या उलट रीतीस वाहिली. दोघांचे वाद्य एकच. आणि कोणता सूर कोणाच्या बोटांतून निघाला हे श्रोत्यास कळू नये, हीच त्यांच्या कौशल्याची कसोटी. आज यांपैकी एकाविषयी, फेरांटे यांच्याविषयी लिहावे म्हणून लेखणी उचलली खरी. परंतु दुसऱ्याचे नाव घेतल्यावाचून एक वाक्य पुरे होत नाही.

फेरांटे यांचा जन्म ७ सप्टेंबर १९२१ रोजी न्यूयॉर्क शहरात झाला. १९३० साली संगीत शिकत असताना त्यांची टायशर यांच्याशी गाठ पडली. फेरांटे तेव्हा नऊ वर्षांचे, आणि टायशर त्यांच्याहून तीन वर्षांनी लहान. विद्यार्थिदशेतच दोघे एकत्र वाजवू लागले. पुढे जूलियार्ड या विख्यात संगीत संस्थेत दोघेही अध्यापक झाले, आणि १९४७ साली संगीताचे जलसे हाच त्यांनी पूर्ण वेळचा व्यवसाय केला.

दोन पियानो एकत्र वाजविणे ही गोष्ट दिसते तितकी सोपी नव्हे. व्हायोलिनच्या ताफ्यात एखाद्याचा गज किंचित मागेपुढे पडला तर तो सुरांच्या लांबीत झाकून जातो. पियानोचे तसे नाही. पट्टी दाबली की आत नमद्याची हातोडी तारेवर पडते, सूर त्या आघाताने जन्मतो आणि त्याच क्षणापासून विरू लागतो. दोन आघातांत केसभर अंतर राहिले तरी ते कानाला बोचते, आणि झालेली चूक मागाहून सावरता येत नाही. त्यातून मांडणी अशी की, दोन्ही पियानोंच्या वळणदार कडा एकमेकींत बसवून वादकांनी दोन टोकांना समोरासमोर बसावयाचे. एकाला दुसऱ्याचा चेहरा दिसतो; हात दिसत नाहीत. तेव्हा विसंबावयाचे ते मानेच्या हालचालीवर, श्वासावर, आणि बालपणापासून जडलेल्या सवयीवर. ही सवय कोणत्याही संस्थेत शिकविता येत नाही.

आरंभीच्या काळात या दोघांनी एक धाडस केले होते. पियानोच्या तारांमध्ये कागद, रबर, लाकडाचे ठोकळे, धातूच्या पट्ट्या, साखळ्या अडकवून त्यांनी असे काही ध्वनी काढले की ऐकणाऱ्यास ते पियानोचे वाटूच नयेत. ही कल्पना मुळात त्यांची नव्हे. जॉन केज या संगीतकाराने १९४० च्या सुमारास ती रूढ केली होती. पण केजचे श्रोते मूठभर, तर यांनी १९५६ च्या ‘साऊंडप्रूफ’ व १९५९ च्या ‘ब्लास्ट ऑफ’ या ध्वनिमुद्रिकांतून तीच करामत सामान्य माणसाच्या दिवाणखान्यात नेली. सिंथेसायझर बाजारात येण्यापूर्वीची ही गोष्ट आहे.

नंतर १९६० साल आले आणि सारे पालटले. ज्या युनायटेड आर्टिस्ट्स कंपनीकडे ते ध्वनिमुद्रणासाठी गेले, ती त्याच नावाच्या चित्रपटसंस्थेची शाखा. संस्थेने चित्रपट काढावा आणि शाखेने त्याची धून विकावी, असा हा सरळ व्यापार. ‘द अपार्टमेंट’, ‘एक्झोडस’, ‘वेस्ट साइड स्टोरी’मधील ‘टुनाइट’ आणि १९६९ चा ‘मिडनाइट काउबॉय’ या त्यांच्या चारही गाजलेल्या धुना त्याच संस्थेच्या चित्रपटांतल्या. चारही पहिल्या दहांत पोहोचल्या. ‘एक्झोडस’ तर थेट दुसऱ्या क्रमांकावर. तारांतल्या साखळ्या निघाल्या, वाद्यवृंदाची साय वर आली, आणि टीकाकारांनी या संगीतावर ‘कानाला त्रास न देणारे’ असा शिक्का मारून टाकला.

शास्त्रोक्त तालीम घेतलेल्याने भावगीत गायिले की नाक मुरडणारे आपल्याकडेही आहेत, म्हणून हा शिक्का आम्हांस परिचित वाटतो. तो अगदीच खोटा आहे असेही नाही. त्या धुनांत गोडवा जरुरीपेक्षा अधिक आहे, आणि जुन्या प्रयोगांची आठवण लोकांना राहिली नाही याची हळहळही वाटते. परंतु गोड धून दोन पियानोंवर एकजीव वाजविण्यास विक्षिप्त ध्वनी काढण्याहून कमी साधना लागते, असे ज्यांना वाटते त्यांनी एकदा जोडीदार घेऊन बसून पाहावे. शिवाय जो त्याग येथे आहे तो शिक्का मारणाऱ्यांच्या ध्यानात येत नाही. स्वतंत्र मैफल करून केवळ आपल्या नावावर टाळी घेण्याइतकी विद्या दोघांपाशीही होती. ती टाळी त्यांनी कायमची वाटून घेतली.

१९८९ साली दोघांनी एकदमच जाहीर वादन थांबविले, आणि फ्लोरिडाच्या पश्चिम किनाऱ्यावर एकमेकांच्या जवळच बिऱ्हाडे केली. तेथील पियानोच्या एका दुकानात जाऊन ते अधूनमधून एकत्र वाजवीत. ३ ऑगस्ट २००८ रोजी टायशर गेले. त्यानंतर फेरांटे वर्षभर एकटे होते. पियानोला ८८ पट्ट्या असतात. पट्टीगणिक एक वर्ष जगावयास मिळावे, असे ते पूर्वी म्हणाले होते. १९ सप्टेंबर २००९ रोजी त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांना ८८ वर्षे पुरी होऊन बारा दिवस लोटले होते.