हुकमाची नक्कल आणि तात्पुरती स्थगिती

धान्याच्या व्यापाऱ्याची आणि सरकारी हुकमाची गाठ आज ना उद्या पडतेच. १९५५ च्या अत्यावश्यक वस्तू कायद्याखाली साठ्यावर मर्यादा येते, प्रसंगी वखारीस सील लागून माल जप्त होतो. अशा वेळी आपले बहुतेक बंधू वकिलाकडे धाव घेऊन ‘स्थगिती आणा’ म्हणतात. ज्या हुकमास स्थगिती हवी तो हुकूम कोठे आहे, असे वकिलाने विचारले की पुष्कळांची मुद्रा पाहण्यासारखी होते. म्हणून नकलेविषयी आम्ही थोडे विस्ताराने लिहीत आहो.

कारकुनाने तोंडी सांगितले किंवा साहेबांनी फायलीवर टिपण लिहिले, एवढ्याने हुकूम होत नाही. बच्चित्तरसिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणी १९६२ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, हुकूम रीतसर निघून संबंधितास कळविला जाईपर्यंत तो पक्का नव्हे; तोवर सरकारास आपले मत फिरविता येते. तेव्हा प्रथम लेखी हुकूम मागावा. मागणी अर्जाने करावी आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्यावी. नकलेच्या तळाशी ती मुळाबरहुकूम असल्याचा दाखला, तारीख, अधिकाऱ्याचे नाव, हुद्दा व शिक्का पाहून घ्यावा. ओळखीच्या शिपायाकडून मिळविलेला कागद या कामी निरुपयोगी.

नकलेच्या अर्जाची तारीख आपल्या खतावणीइतकीच मोलाची आहे. माल सरकारजमा केल्याचा हुकूम कळल्यापासून अपिलास एकच महिना मिळतो. १९६३ च्या मुदत कायद्याचे १२ वे कलम नकलेस लागलेला आवश्यक काळ सर्वसाधारणपणे वगळू देते. मात्र अर्ज करण्यापूर्वी घालविलेले दिवस आणि तयार नक्कल कचेरीत पडून राहिलेले दिवस आपल्याच खाती पडतात.

आता स्थगिती. नुसते अपील दाखल झाल्याने हुकूम थांबत नाही. त्यासाठी शपथपत्रासह निराळा अर्ज लागतो. जप्त माल सोडविण्यास साध्या दिवाणी कोर्टाचा दरवाजा कायद्याने बंद आहे. जिल्हाधिकारी, अपील अधिकारी, नाहीतर घटनेच्या २२६ व्या कलमाखाली उच्च न्यायालय, एवढेच मार्ग. (आम्हां बेळगावकरांस त्यासाठी बंगळूर गाठावे लागे, २००८ साली पीठ धारवाडास आले, ही मोठीच सोय.) आपली बाजू सकृद्दर्शनी खरी असली तरी तेवढ्यावर स्थगिती मिळत नाही. ती न दिल्यास भरून न येणारे नुकसान कोणाचे आणि लोकहिताचे पारडे कोणीकडे झुकते, हेही पाहिले जाते.

येथेही नकलेचाच प्रश्न येतो. अर्जाची व कागदपत्रांची प्रत सरकारास न देता, त्याचे म्हणणे न ऐकता मिळविलेली स्थगिती फार दिवसांची नसते. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीनुसार, ती उठविण्याचा अर्ज दुसऱ्या पक्षाने करून त्याची प्रत आपणांस दिली की न्यायालयाने त्याचा निकाल दोन आठवड्यांत लावावयाचा. न लागल्यास स्थगिती संपते. याउलट, दोन्ही बाजू ऐकून दिलेली स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपत नाही. तसे सांगणारा २०१८ चा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२४ साली रद्द केला.

पावसाळ्यात सील लागलेल्या गव्हाला मात्र टोके कोणत्याही कोर्टाची वाट पाहत नाहीत. माल नासण्याजोगा असल्यास जिल्हाधिकाऱ्यास तो विकण्याचा हुकूम देता येतो, आणि पुढे जप्ती रद्द झाल्यास खर्च वजा जाता रक्कम मालकास मिळते. स्थगितीच्या अर्जासोबतच ही विनंतीही लेखी करून ठेवावी.