उन्हात येताच शिंक का येते?

घराबाहेर पाऊल टाकावे, डोळ्यांवर लख्ख ऊन यावे आणि लागोपाठ दोन-तीन शिंका याव्यात, हा अनुभव आपल्यापैकी बऱ्याच जणांना असेल. सर्दी नाही, धूळ नाही, फोडणीचा ठसकाही नाही, तरी शिंक येतेच. घरातील वडीलधारी मंडळी ‘शिंक आली, जरा थांब, पाणी पिऊन मग नीघ’ असे सांगतात आणि विषय तेथेच संपतो. माझ्या दवाखान्यात मात्र तो संपत नाही. पावसाळा सरून आश्विनातले ऊन तापू लागले की अशी तक्रार घेऊन येणारे हमखास भेटतात. त्यांतील काहीजण वर्षानुवर्षे सर्दीच्या गोळ्या घेत असतात. त्या गोळ्यांनी झोप तेवढी येते, शिंक काही थांबत नाही.

हा रोग नव्हे. ती शरीराची एक प्रतिक्षिप्त क्रिया आहे. निरनिराळ्या पाहण्यांनुसार शंभरातील सुमारे अठरा ते पस्तीस लोकांमध्ये ती आढळते. ती आनुवंशिक आहे. आई किंवा वडील यांपैकी एकाला असली तर प्रत्येक मुलात उतरण्याची शक्यता साधारण निम्मी असते. म्हणून मी रुग्णाला पहिला प्रश्न विचारतो, ‘घरात आणखी कोणाला असे होते?’ पुष्कळदा उत्तर येते, ‘हो, आमच्या बाबांना!’

शिंक येते कशी, ते आधी पाहू. नाकात काही खुपले की ट्रायजेमिनल नावाचा मज्जातंतू मेंदूच्या तळाशी असलेल्या केंद्राला वर्दी देतो. मग छातीत हवा भरते, डोळे मिटतात आणि हवा जोराने बाहेर फेकली जाते. प्रकाशाची वर्दी मात्र डोळ्यांच्या वेगळ्या तंतूंतून मेंदूकडे जाते. या दोन वाटा एकमेकींच्या जवळून जातात. काही माणसांत एका तारेतला निरोप दुसरीत शिरावा, तसे होत असावे, असे बऱ्याच शास्त्रज्ञांचे मत आहे. २०१० मध्ये झुरिक येथे झालेल्या एका अभ्यासात अशा लोकांच्या मेंदूतील दृष्टीचा भाग इतरांपेक्षा अधिक उत्तेजित होतो, असे दिसले. शिंक येते ती अंधारातून एकदम उजेडात आल्यावर. तासभर उन्हात काम करणारा माणूस काही तासभर शिंकत राहत नाही.

आपल्याकडच्या वैद्यांना ही गोष्ट फार पूर्वीपासून ठाऊक होती. सुश्रुतसंहितेत नाकाच्या रोगांत ‘क्षवथु’ सांगितला आहे आणि त्याच्या कारणांत तिखट पदार्थांच्या वासाबरोबर सूर्याकडे पाहणेही दिले आहे. वाग्भटाने तर अडकलेली शिंक मोकळी करण्याच्या उपायांत सूर्यदर्शन सांगितले. १८७२ पासून धूतपापेश्वरच्या आयुर्वेदिक औषधांसाठी ओळखल्या जाणाऱ्या पनवेलकरांना याचे नवल वाटू नये. तिकडे ग्रीसमध्ये अ‍ॅरिस्टॉटलच्या नावावर असलेल्या ग्रंथातही हाच प्रश्न आहे. सतराव्या शतकात फ्रान्सिस बेकन याने डोळे मिटून सूर्यासमोर उभे राहिले तर शिंक येत नाही, हे दाखवून दिले. वाचकांनी मात्र सूर्याकडे टक लावून पाहू नये. त्याने डोळ्यांच्या पडद्याला कायमची इजा होऊ शकते.

अशा शिंकेचे आणखीही प्रकार आहेत. पार्लरमध्ये भुवयांचे थ्रेडिंग करताना काहींना शिंक येते, कारण भुवईजवळचा मज्जातंतू ट्रायजेमिनलचीच शाखा आहे. तिखट मिसळ खाल्ल्यावर नाक वाहते आणि शिंका येतात, त्यातही हाच तंतू गुंतलेला असतो. काहींना पोट तुडुंब भरले की शिंका सुटतात. एकाच घराण्यातील अनेकांना असे होत असल्याची नोंद १९८९ मध्ये प्रसिद्ध झाली. त्यांना उपाय एकच, दोन घास कमी खावेत.

आता महत्त्वाचे. ही क्रिया निरुपद्रवी असली तरी गाडी चालवताना ती धोक्याची ठरू शकते. द्रुतगती मार्गाने सकाळी पुण्याकडे निघालो की भाताणचा बोगदा लागतो. बाहेर पडताच समोर लख्ख ऊन! ताशी ८० किलोमीटरने धावणारी गाडी एका सेकंदात सुमारे २२ मीटर पुढे जाते आणि शिंकताना डोळे मिटतातच. लागोपाठ तीन शिंका आल्या तर काय होईल, याचा हिशेब वाचकांनीच करावा. ज्यांना ही सवय आहे त्यांनी बोगद्याच्या तोंडाशी पोहोचण्यापूर्वी समोरची झडप खाली ओढावी, वेग कमी करावा आणि पुढच्या गाडीपासून जास्त अंतर ठेवावे. काळा चष्मा उन्हात उपयोगी आहे, बोगद्याच्या आत मात्र नको. पायी चालणाऱ्यांना रुंद काठाची टोपी किंवा छत्री पुरते. नाकाखाली वरच्या ओठावर बोट दाबल्याने काहींची शिंक परतते.

मात्र नाक-तोंड गच्च दाबून शिंक कोंडू नये. शिंक हा न अडवण्याचा वेग आहे, असे आयुर्वेद सांगतो. २०१८ मध्ये इंग्लंडमधील डॉक्टरांनी अशा एका तरुणाची हकीकत प्रसिद्ध केली. शिंक दाबल्याने त्याचा घसा आतून फाटला होता. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेला जाणाऱ्यांनी आपली ही सवय डॉक्टरांना अवश्य सांगावी, कारण डोळ्याजवळ भुलीचे इंजेक्शन देताना अचानक शिंक आली तर इजा होऊ शकते.

उन्हाशी संबंध नसताना शिंका येत असतील, सकाळी उठल्याबरोबर दहा-बारा येत असतील, डोळे व नाक खाजत असेल, दम लागत असेल किंवा एकाच नाकपुडीतून रक्त येत असेल, तर ते प्रकरण वेगळे. अशा वेळी घरी गोळ्या न घेता डॉक्टरांना दाखवावे. फक्त उन्हात आल्यावर दोन-तीन शिंका येत असतील, तर औषधाची गरज नाही. गाडी चालवताना मात्र ऊन समोर येण्याआधीच सावध व्हावे.