विश्लेषण : शॉवरची धार बारीक का? प्रेशर पंप घेण्याआधी करा या दोन चाचण्या

एकाच इमारतीत पहिल्या मजल्यावर नळ धो धो वाहतो आणि सर्वांत वरच्या घरात शॉवरची धार जेमतेम पडते. मग कुणी प्रेशर पंप सुचवतो, तर कुणी मोठी टाकी. मात्र पैसे खर्च करण्याआधी दोष दाबाचा आहे की पाइपचा, हे तपासायला हवे.

दाब कशावर ठरतो?

नळ बंद असताना त्यातला दाब टाकीतल्या पाण्याची पातळी नळापेक्षा किती उंच आहे, यावर ठरतो. दर १० मीटर उंचीला साधारण १ बार दाब मिळतो. टाकी ५०० लिटरची असो वा ५ हजार लिटरची, पातळी सारखी असेल तर दाबही सारखाच. समजा, गच्चीवरच्या टाकीतले पाणी चौथ्या मजल्यावरील शॉवरच्या अडीच मीटर वर आहे. तिथे दाब जेमतेम ०.२५ बार. तीन मीटरचा एक मजला धरला, तर पहिल्या मजल्यावर तो साधारण १.१ बार, म्हणजे चौपटीहून जास्त.

पहिली चाचणी : दाब

घरातले सगळे नळ बंद करून वॉशिंग मशीनच्या नळाला प्रेशर गेज लावा. वरच्या मजल्यावर मात्र ० ते १० बारच्या गेजचा काटा जेमतेम हलतो. तिथे टेपने उंची मोजणेच भरवशाचे.

दुसरी चाचणी : प्रवाह

एकच नळ पूर्ण उघडून १० लिटरची बादली किती सेकंदांत भरते ते पाहा. मग घरातल्या इतर नळांवर हेच करा. एकच नळ मागे पडला, तर त्याची जाळी किंवा कॉक तपासा. उंची पुरेशी असूनही सगळेच नळ मंद असतील, तर मुख्य व्हॉल्व्ह अर्धवट बंद असणे, पाइपमध्ये क्षार साचणे किंवा पाइप अरुंद असणे ही कारणे संभवतात. अशा वेळी आधी तीच दुरुस्ती करावी.

मग पंप कधी?

पाइप साफ असूनही उंचीच कमी पडत असेल, तर टाकीतून घरात येणाऱ्या लाइनवर प्रेशर पंप उपयोगी पडतो. सामायिक टाकी असल्यास सोसायटीची परवानगी आधी घ्यावी.

महापालिकेच्या नळाला थेट मोटार का लावू नये?

मोटार पाणी ओढते तेव्हा मुख्य जलवाहिनीतला दाब घटतो आणि शेजाऱ्यांचे पाणी तुटते. दाब फारच घटला, तर गळतीच्या भेगांतून आजूबाजूचे सांडपाणी वाहिनीत शिरू शकते. ते दूषित पाणी मोटार लावणाऱ्याच्याही घरात येते. त्यामुळेच अनेक महापालिका अशा मोटारी जप्त करतात. पालिकेचे पाणी कमी दाबाने येत असेल, तर ते आधी जमिनीखालच्या टाकीत साठवावे आणि तिथून मोटारीने वर चढवावे.