खाण्याच्या स्पर्धेत जवान का हरले?

अमेरिकेच्या टेक्सास राज्यातील एल पासोजवळच्या फोर्ट ब्लिस या लष्करी तळावर ४ जुलै २०२४ रोजी, अमेरिकी स्वातंत्र्यदिनी, एक आगळी लढत झाली. एका बाजूला चार जवान होते आणि दुसऱ्या बाजूला जोई चेस्टनट हा एकटा व्यावसायिक खाणारा. पाच मिनिटांत चौघा जवानांनी मिळून ४९ हॉट डॉग संपविले. चेस्टनटने एकट्याने ५७! वनस्पतिजन्य पदार्थ बनविणाऱ्या प्रतिस्पर्धी कंपनीशी करार केल्यामुळे त्या वर्षी न्यू यॉर्कच्या कोनी आयलंड येथील प्रसिद्ध स्पर्धेचे दरवाजे त्याला बंद झाले होते. म्हणून त्याने हा तळ गाठला.

कवायतीने कसलेली शरीरे येथे कमी का पडावीत? कारण ही स्पर्धा स्नायूंच्या बळाची नसून जठराच्या ताणाची आहे.

अंगकाठीचा संबंध नाही

किरकोळ बांध्याच्या ताकेरू कोबायाशी या जपानी तरुणाने २००१ मध्ये कोनी आयलंडला १२ मिनिटांत ५० हॉट डॉग खाल्ले. आधीचा विक्रम होता जेमतेम २५ चा. सॉसेजचे दोन तुकडे करून ते एकदम तोंडात घालायचे आणि पाव पाण्यात बुडवून गिळायचा, ही त्याची युक्ती पुढे अनेकांनी उचलली. २००७ मध्ये चेस्टनटने त्याला हरविले, तर २०२१ मध्ये १० मिनिटांत ७६ हॉट डॉग खाऊन याच स्पर्धेचा विक्रम प्रस्थापित केला.

पोटात नेमके काय घडते, हे पेनसिल्व्हानिया विद्यापीठातील डॉक्टरांनी २००७ मध्ये क्ष-किरणांच्या साह्याने पाहिले. उंचीने व वजनाने मोठा असलेला सामान्य माणूस सात हॉट डॉगनंतर थांबला. व्यावसायिक खाणाऱ्याने मात्र १० मिनिटांत ३६ संपविले, तरी पोट भरल्याची जाणीव त्याला झालीच नाही. त्याचे जठर एखाद्या सैल पिशवीसारखे फुगून पोटाचा वरचा बराचसा भाग व्यापून बसले होते आणि त्याची हालचाल जवळपास थांबली होती. असे जठर कालांतराने आकुंचन पावण्याची शक्तीच गमावून बसू शकते. लठ्ठपणा, न थांबणाऱ्या उलट्या आणि प्रसंगी जठर काढून टाकण्याची वेळ येऊ शकते, असा इशारा त्यांनी दिला होता.

मर्यादा आणि किंमत

कोनी आयलंड येथील स्पर्धेच्या ३९ वर्षांच्या आकड्यांवरून अमेरिकी संशोधक जेम्स स्मोलिगा यांनी २०२० मध्ये माणसाची मर्यादा १० मिनिटांत ८३ हॉट डॉग असल्याचे मांडले. योगायोग असा, की सप्टेंबर २०२४ मध्ये नेटफ्लिक्सवरील लढतीत चेस्टनटने बरोबर ८३ हॉट डॉग खाल्ले. कोबायाशीने ६६ चा आकडा गाठला, पण तो हरला.

त्याआधी काही महिने, आतड्यांच्या आरोग्यावरील एका माहितीपटात कोबायाशीने या स्पर्धांतून निवृत्त होत असल्याचे सांगितले होते. आपल्याला आता भूक लागत नाही, अशी त्याची कबुली होती. तो तीन तीन दिवस न जेवता राहू शकतो, असे त्याच्या पत्नीने सांगितले. पोट भरल्याची सूचना वर्षानुवर्षे दडपणाऱ्या माणसाला शेवटी भुकेचीही सूचना मिळेनाशी झाली.

फोर्ट ब्लिसचे चार जवान हरले ते त्यांच्या शरीराने वेळीच 'पुरे' म्हटले म्हणून. या पराभवाचे दुःख त्यांनी करू नये.