टोपीवाला हिरवा माणूस

कधी प्रोजेक्टच्या निमित्ताने बर्लिनला गेलात, तर रस्ता क्रॉस करताना सिग्नलकडे नीट बघा. लाल दिव्यात हात पसरून उभा असलेला आणि हिरव्यात टोपी घालून तुरुतुरु चालणारा एक गुटगुटीत माणूस दिसेल. हा आम्पेलमान. एकदम क्यूट! पण त्याचा देश आता नकाशावर नाही.

कार्ल पेग्लाऊ यांनी त्याला घडवलं १९६१ मध्ये, पूर्व बर्लिनमध्ये. बर्लिनची भिंत उभी राहिली तेच हे वर्ष. पुढे भिंत पडली आणि ३ ऑक्टोबर १९९० ला पूर्व जर्मनी पश्चिमेत विलीन झाला. दीड कोटीहून जास्त माणसं घर न बदलता दुसऱ्या देशात जागी झाली. नोटा तर जुलैमध्येच बदलल्या होत्या. मग दुकानातले ओळखीचे ब्रँड गेले, कारखाने बंद पडले, नोकऱ्या गेल्या. सिग्नलवरचा टोपीवालाही काढायला घेतला, तेव्हा मात्र लोक म्हणाले, बास! याला हात लावायचा नाही. तो वाचला आणि पुढे पश्चिम बर्लिनच्या चौकांतही पोचला.

अशा खुणा बऱ्याच आहेत. ज्या ट्राबांट गाडीसाठी लोक दहा-दहा वर्षं नंबर लावून थांबायचे, तिच्यातून आज टुरिस्ट फिरतात. श्प्रेवाल्डच्या बरणीतल्या काकड्या 'गुड बाय, लेनिन!' (२००३) या सिनेमाने जगभर पोचवल्या. २०१३ मध्ये अंतराळवीर क्रिस हॅडफिल्ड यांनी रात्रीच्या बर्लिनचा फोटो काढला, तर पूर्वेकडचे दिवे पिवळे आणि पश्चिमेकडचे पांढरट!

या ओढीला जर्मन लोक 'ओस्टाल्गी' म्हणतात. 'ओस्ट' म्हणजे पूर्व, पुढचा अर्धा नॉस्टॅल्जिया. काहींना ती अजिबात पटत नाही, आणि त्यांचंही खरंच आहे. त्याच देशात स्टासी नावाचं गुप्त पोलीस खातं होतं. १९९२ पासून लोकांना आपल्या फायली वाचता यायला लागल्या, तेव्हा चुगली करणारा आपलाच मित्र होता, हे कित्येकांना त्यात कळलं.

मग त्या काकड्या खायच्या की नाही? खुशाल खाव्यात. भिंत सरकारची होती, पण तिच्या आतलं बालपण ज्याचं त्याचं होतं. फाइल वाचून घरी आलेला माणूसही रात्री जेवताना तीच बरणी उघडत असेल.